आत्म्यांची भाकरी आणि भोपळ्याची दशमी

काही वर्षांपूर्वीची गोष्ट. ऑक्टोबर महिन्यातील शेवटचा रविवार होता. आमच्या परिसरातील शाळांतून आणि नव्या गृहसंकुलांतून 'हॅलोवीन' नावाचा सण साजरा होऊ लागल्याचे कानी आले होते. प्रवचनात मी त्या सणाचा कडक शब्दांत समाचार घेतला. हा भुताखेतांचा खेळ आहे, ख्रिस्ती घरात त्याला थारा नको, असे ठणकावून सांगितले आणि आपले कर्तव्य आपण केले, अशा समाधानाने मिस्सा आटोपली.

मिस्सेनंतर एक वृद्ध बाई आपल्या नातवाला घेऊन भेटायला आल्या. नातू तिसरीत होता. त्याच्या हातात शाळेची चिठ्ठी होती. 'हॅलोवीननिमित्त मुलांनी पालकांच्या मदतीने घरी केलेला पौष्टिक खाऊ डब्यात आणावा. त्याला भोपळ्याचा किंवा भुताचा आकार द्यावा', असा काहीसा मजकूर होता. मुलगा रडवेला होऊन म्हणाला, "फादर, मग मी डब्यात काय नेऊ?" मी उत्तर शोधत होतो, इतक्यात आजी शांतपणे म्हणाल्या, "फादर, माझ्या सासूसासऱ्यांच्या कबरी तिकडं राहुरीकडं आहेत. ह्यानं त्या कधी बघितल्या नाहीत. त्यांची नावंसुद्धा ह्याला ठाऊक नाहीत. भूत काय असतं ते ह्याला शाळेनं शिकवलं. आपली मेलेली माणसं कोण, ते आम्ही शिकवलं नाही. चूक कुणाची म्हणायची?"

मला उत्तर देता आले नाही. ज्या सणावर मी अर्धा तास बोललो होतो, त्याचा इतिहास मीच नीट वाचलेला नव्हता. पुढे सवड काढून तो वाचला. त्या आजींना द्यावयाचे उत्तर, उशिरा का होईना, प्रस्तुत लेखात यथामती मांडत आहे.

नावातच दडलेला सण

'हॅलोवीन' हा शब्द दोन जुन्या इंग्रजी शब्दांचा संक्षेप आहे. 'हॅलो' म्हणजे संत आणि 'ईन' म्हणजे सायंकाळ. १ नोव्हेंबरला ख्रिस्तसभा सर्व संतांचा सण पाळते. त्या सणाची पूर्वसंध्या ती हॅलोवीन. नावात भूत नाही, संत आहेत.

सातव्या शतकाच्या आरंभी पोप चौथे बोनिफास ह्यांनी रोममधील पँथिऑन हे मूर्तिपूजकांचे भव्य मंदिर पवित्र मरिया व सर्व रक्तसाक्षी ह्यांना अर्पण केले, तो दिवस १३ मे होता. आठव्या शतकात पोप तिसरे ग्रेगरी ह्यांनी संत पीटरच्या महामंदिरात सर्व संतांच्या सन्मानार्थ एक प्रार्थनालय उभारले. पुढे ८३५ साली पोप चौथे ग्रेगरी ह्यांच्या काळात १ नोव्हेंबर ही तारीख फ्रँक लोकांच्या साम्राज्यात सर्वत्र रूढ झाली.

आयर्लंडमधील केल्ट लोकांचा 'साविन' नावाचा हंगामसमाप्तीचा उत्सव ह्याच सुमारास येत असे, म्हणून ख्रिस्तसभेने तो उचलला, असे पुष्कळदा लिहिले जाते. पण अभ्यासकांनी एक अडचण दाखवून दिली आहे. त्या आरंभीच्या काळात खुद्द आयर्लंडमध्ये सर्व संतांचा सण एप्रिल महिन्यात पाळला जात होता. १ नोव्हेंबरची तारीख इंग्लंड व जर्मनीकडे आधी दिसते. लोकजीवनातील काही जुन्या रीती ह्या सणाला पुढे येऊन चिकटल्या असतील, हे मान्य. परंतु सणाचे मूळच सैतानी आहे, हे माझे प्रवचनातील विधान इतिहासाला धरून नव्हते, हे मला येथे कबूल केले पाहिजे.

कबरीवरून गरिबाच्या ओंजळीत

आता खाऊकडे वळू. मृतांच्या आठवणीसाठी अन्न शिजवणे ही मानवाची फार जुनी सवय आहे. आपले हिंदू शेजारी भाद्रपदात पितृपक्ष पाळतात. सर्वपित्री अमावास्येला खीर-वडे रांधून आधी कावळ्याला घास ठेवतात. जुन्या करारातील तोबितच्या पुस्तकात वृद्ध तोबित आपल्या मुलाला उपदेश करताना नीतिमानांच्या कबरीवर भाकरी ठेवण्यास सांगतो. प्राचीन रोमी लोकही आप्तांच्या थडग्यांपाशी जेवत. माणूस गेला तरी त्याचे पान मांडावेसे वाटते. ही भावना कोणत्याही एका धर्माची नव्हे.

ख्रिस्तसभेने ह्या भावनेचे काय केले? त्याचे सुंदर उदाहरण संत ऑगस्टीन ह्यांनी आपल्या 'कबुलीजबाब' ह्या ग्रंथाच्या सहाव्या भागात नोंदवले आहे. त्यांची आई संत मोनिका ही आफ्रिकेतील आपल्या गावच्या रिवाजाप्रमाणे मिलान शहरातही रक्तसाक्ष्यांच्या कबरींवर लापशी, भाकरी व द्राक्षारस घेऊन गेली. दारावरच्या राखणदाराने तिला अडवले. बिशप अँब्रोझ ह्यांनी ही प्रथा बंद केली होती, कारण त्या निमित्ताने मद्यपान बोकाळत असे आणि मूर्तिपूजकांच्या पितृभोजनाशी तिचे फार साम्य होते. मोनिका रागावली नाही. तिने टोपली परत नेली आणि तेव्हापासून कबरीपाशी प्रार्थनांनी भरलेले अंतःकरण नेऊ लागली; अन्नाचा वाटा शक्तीप्रमाणे गरिबांना देऊ लागली.

माझ्या मते ह्या खाऊचा सारा ख्रिस्ती इतिहास त्या एका प्रसंगात आला. मृतांसाठी शिजवलेले अन्न फेकून दिले नाही. त्याचा पत्ता बदलला. ते कबरीवरून गरिबाच्या ओंजळीत गेले.

अकराव्या शतकाच्या आसपास फ्रान्समधील क्लूनी मठाचे प्रमुख संत ओदिलो ह्यांनी आपल्या अधिकाराखालील सर्व मठांत २ नोव्हेंबर हा सर्व मृत भाविकांचा स्मरणदिन म्हणून ठरवून दिला, तेव्हाही प्रार्थनेच्या जोडीने दारी येणाऱ्यांना भाकरी व द्राक्षारस दान करण्यास सांगितले. तेथून हा दिवस हळूहळू साऱ्या पश्चिम ख्रिस्तसभेत पसरला. म्हणजे ३१ ऑक्टोबरची सायंकाळ, १ नोव्हेंबर आणि २ नोव्हेंबर हे एकमेकांत गुंतलेले तीन दिवस आहेत. संत, शुद्धिस्थानातील आत्मे आणि आपण जिवंत माणसे हे एकच कुटुंब आहे, असे हे दिवस सांगतात.

आत्म्यांची भाकरी

इंग्लंडच्या श्रॉपशायर परगण्यात जॉन मर्क नावाचे एक धर्मगुरू चौदाव्या शतकाच्या उत्तरार्धात होऊन गेले. खेड्यातील धर्मगुरूंसाठी त्यांनी प्रवचनांचा एक संग्रह तयार केला. त्यात ते सांगतात की, पूर्वीची भली माणसे मृतांच्या दिवशी आपल्या प्रियजनांच्या आत्म्यांसाठी भाकरी विकत घेऊन वाटत असत. ही भाकरी पुढे गोल, लहान, मसाल्याच्या गोड पोळीसारखी होऊ लागली. तिच्यावर बहुधा क्रूसाची खूण उमटवीत. तिला 'आत्म्यांची भाकरी' असेच नाव पडले. गरीब माणसे व मुले दारोदार जात, गाणी म्हणत, ती भाकरी घेत आणि त्या घरच्या मृतांसाठी प्रार्थना करीत. घेणाराही रिकाम्या हाताने येत नसे. तो प्रार्थना घेऊन येई. आज हॅलोवीनला मुले दार वाजवून गोळ्या-चॉकलेटे मागतात, त्या रिवाजाच्या पूर्वजांपैकी हा एक प्रमुख पूर्वज होय.

१५४७ च्या कायद्याने इंग्लंडमध्ये मृतांसाठी मिस्सा चालविणाऱ्या संस्था बंद झाल्या आणि शुद्धिस्थानातील आत्म्यांसाठी प्रार्थना करणे नव्या धर्मव्यवस्थेत बसेनासे झाले. मराठी भाषेचे थोर उपासक, 'ख्रिस्तपुराण'कार फादर थॉमस स्टीफन्स हे अशा उलथापालथीच्या इंग्लंडमध्ये १५४९ साली जन्मले आणि १५७९ साली गोव्यात उतरले. कायद्याने प्रार्थना मागे पडली, पण भाकरी टिकली. जवळजवळ दीड शतकानंतर जॉन ऑब्री नावाच्या इतिहासप्रेमी गृहस्थाने लिहून ठेवले की, श्रॉपशायरमध्ये मृतांच्या दिवशी टेबलावर ह्या भाकऱ्यांची उंच चळत रचलेली असते आणि येणारा प्रत्येक पाहुणा त्यातील एक घेतो. ती चळत पाहून ऑब्रीला जुन्या बायबलातील समर्पित भाकरींचे चित्र आठवले.

हा रिवाज एकट्या इंग्लंडचा नव्हे. ऑस्ट्रिया व बव्हेरियात सर्व संतांच्या सणाला धर्मपिता व धर्ममाता आपल्या बाप्तिस्म्याच्या लेकरांना वेणीसारखा गुंफलेला पाव देतात. पोर्तुगालमध्ये १ नोव्हेंबरच्या सकाळी मुले पिशव्या घेऊन दारोदार 'पाँव पोर देऊश', म्हणजे 'देवाच्या नावाने भाकरी', मागतात. त्यांना पाव, सुकी फळे, अक्रोड, डाळिंबे मिळतात. १७५५ साली ह्याच दिवशी सकाळी भाविक चर्चमध्ये असताना लिस्बन शहर भूकंपाने उद्ध्वस्त झाले. त्या आपत्तीनंतर भुकेलेली माणसे देवाच्या नावाने भाकरी मागत फिरली आणि हा रिवाज अधिकच रुजला, असे तेथे सांगतात.

ह्या पोर्तुगीज शब्दाशी आपले नाते फार जवळचे आहे. वसईवर १५३४ पासून १७३९ पर्यंत पोर्तुगीजांचे राज्य होते. ते गेले, पण त्यांचा 'पाँव' आपल्या मराठीत 'पाव' होऊन राहिला. पिंपरीच्या कारखान्याबाहेर वडापाव खाणारा कामगार नकळत त्याच शब्दाचा उच्चार करतो. गोव्यात तर लग्नाआधी घराण्यातील मृतांच्या स्मरणार्थ गरिबांना बोलावून जेवू घालण्याची चाल होती. काही घराण्यांतून ती आजही पाळली जाते. मोनिकेची टोपली आपल्याही दारापर्यंत पोहोचली होती, ती अशी.

भोपळ्याचा प्रवास

आयर्लंडमध्ये सर्व संतांच्या सणाची पूर्वसंध्या हा मांसवर्ज्य दिवस होता. त्यामुळे त्या रात्रीच्या ताटात बटाटा-कोबीचा लगदा, सफरचंदे आणि मनुका घातलेला पाव असे. पावात एखादी अंगठी लपवीत. ती ज्याला मिळेल त्याचे लवकर लग्न होणार, असा हसण्याखिदळण्याचा खेळ चाले. सलगम कोरून त्यात दिवा ठेवीत.

१८४५ साली आयर्लंडच्या बटाट्यावर रोग पडला. पुढील काही वर्षांत सुमारे दहा लाख माणसे भूक व साथींनी मेली आणि तितकीच देश सोडून गेली. त्यातील असंख्य कॅथलिक कुटुंबे अमेरिकेत उतरली. त्यांच्या मृतांच्या कबरी समुद्रापलीकडे राहिल्या, सण मात्र सोबत आला. तेथे सलगमाऐवजी मोठा, मऊ, कोरायला सोपा भोपळा मिळाला. (आपला तांबडा भोपळाही मूळचा अमेरिकेचाच, हे येथे सांगितले पाहिजे. म्हातारीला लेकीच्या घरून सुखरूप परत आणणारा आपल्या गोष्टीतील भोपळा आपण केव्हाच आपला करून टाकला आहे.)

विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात 'खाऊ द्या, नाहीतर खोडी काढू' असे म्हणत दारोदार फिरण्याची पद्धत उत्तर अमेरिकेत रूढ झाली. दुसऱ्या महायुद्धात साखरेचे रेशनिंग आले, तेव्हा ती थंडावली. युद्धानंतर मिठाईच्या कंपन्यांनी ती उचलून धरली. १९७० च्या दशकात अनोळखी घरच्या खाऊत विष असेल, अशी भीती पसरली आणि घरी भाजलेल्या वस्तूंची जागा कागदात गुंडाळलेल्या गोळ्यांनी घेतली. प्रार्थना आधीच गळाली होती. आता घरचा हातही गळाला. उरली ती साखर आणि मुखवटा.

तरीही जुना झरा अधूनमधून वर येतोच. १९५० साली अमेरिकेतील फिलाडेल्फिया परिसरातील एका प्रॉटेस्टंट पाळकाच्या कुटुंबाने मुलांकडून खाऊऐवजी जगातील गरजू बालकांसाठी पैसे गोळा करविले आणि ती रक्कम युनिसेफकडे पाठविली. पहिली मिळकत अवघी १७ डॉलर होती. पुढे लाखो मुलांनी तो कित्ता गिरवला. संत मोनिका हे पाहून हसली असती!

आपल्या पट्ट्यात

आता आपल्या घरी येऊ. पिंपरीत १९५४ साली हिंदुस्थान अँटिबायोटिक्सची स्थापना झाली. १९६२ मध्ये महाराष्ट्र औद्योगिक विकास महामंडळ आले आणि पिंपरी-चिंचवड-भोसरीच्या माळावर कारखान्यांच्या रांगा उभ्या राहिल्या. १९७२ च्या दुष्काळाने अहमदनगर जिल्ह्यातील (आजच्या अहिल्यानगरमधील) अनेक ख्रिस्ती कुटुंबांना गाव सोडायला लावले. राहुरी, संगमनेर, श्रीरामपूरकडची माणसे ह्या पट्ट्यात येऊन कामाला लागली. पुढे उद्योग चाकणपर्यंत पसरले. जर्मन मोटारींचे कारखाने आले, परदेशी अभियंते आले, इंग्रजी शाळा आल्या आणि त्यांच्यामागोमाग हॅलोवीन आला.

म्हणजे आपली गोष्ट त्या आयरिश कुटुंबांपेक्षा फार वेगळी नाही. आपल्याही कबरी मागे राहिल्या. सप्टेंबरात हरेगावला मतमाउलीच्या यात्रेला आपण जातो, पण आजोबांच्या कबरीवर जायला सवड होत नाही. तीन पाळ्यांत काम करणाऱ्या बापाला दोन नोव्हेंबरला सुट्टी नसते. तिसऱ्या पिढीला पणजोबांचे नाव सांगता येत नाही. ह्या पोकळीत प्लास्टिकचे भूत येऊन बसले, तर दोष केवळ भुताचा नाही. मृतांची ओळख ज्या घरात होते, त्या घरातील मूल सांगाड्याच्या मुखवट्याला घाबरत नाही आणि भुलतही नाही.

म्हणून आज मी पालकांना सांगतो: डबा रिकामा पाठवू नका. आत्म्यांची भाकरी करा. आपल्या घरात ती फार सोपी आहे, कारण भोपळ्याची दशमी आपल्या आज्यांना पूर्वापार ठाऊक आहे.

दोन वाट्या तांबड्या भोपळ्याचा कीस घ्या. भोपळा मोठ्यांनी चिरावा. आतील बिया व रेषा काढण्याचे काम मुलांचे. चमचाभर तुपावर कीस परतून झाकण ठेवून मऊ शिजवा. त्यात पाऊण वाटी चिरलेला गूळ विरघळू द्या. चिमूटभर मीठ, थोडे जायफळ किंवा वेलची घाला आणि पूर्ण गार होऊ द्या. गरम मिश्रणात मुलांचे हात भाजतात. मग परातीत त्यात मावेल तेवढी कणीक, साधारण दोन ते अडीच वाट्या, आणि मूठभर नाचणीचे पीठ घालून पाणी न घालता मळा. मळणे मुलांवर सोपवा. थोडी जाडसर पोळी लाटून लहान वाटीने गोल पाडा, वर तीळ दाबा आणि सुरीच्या बोथट पाठीने प्रत्येक गोलावर क्रूसाची खूण उमटवा. मंद आचेच्या तव्यावर तुपाचे बोट लावून दोन्ही बाजूंनी भाजा. तव्यापाशी मोठे माणूस हवेच. ह्याच पिठाचे तळून घारगे होतात. पण रोजच्या डब्याला दशमीच बरी, तिला तेल लागत नाही. भोपळ्यातून शरीराला 'अ' जीवनसत्त्व मिळते, तिळातून व नाचणीतून कॅल्शियम. गूळही अखेर साखरच आहे, म्हणून हात आखडता ठेवावा. बिया धुऊन, वाळवून, मीठ लावून भाजल्या की तोही उत्तम खाऊ. फक्त अगदी लहान बाळांना त्या देऊ नयेत.

मात्र ह्या पाककृतीतील मुख्य जिन्नस अजून राहिला आहे. एकेक दशमी तव्यावर टाकताना मुलाने आजीला एकेक नाव विचारावे. ही कुणाची? ही तुझ्या पणजीची. ती दुष्काळात खडी फोडायला जायची. ही कुणाची? ही तुझ्या मोठ्या काकांची. ते कंपनीतून घरी येताना रस्त्यावर गेले. नावागणिक लहानशी प्रार्थना व्हावी. पहिली चळत डब्यात जावी आणि दुसरी दाराबाहेर: संकुलाच्या रखवालदाराला, झाडलोट करणाऱ्या मावशींना, चाकणच्या एका खोलीत आठ-आठ जण राहणाऱ्या बिहार-ओडिशाच्या कंत्राटी मजुरांना. त्यांच्याही मृतांची माती फार दूर आहे. ते कोणत्या धर्माचे, हे विचारण्याचे कारण नाही.

त्या आजींच्या घरी त्या वर्षी काय झाले, ते मला दोन नोव्हेंबरला समजले. मृतांच्या मिस्सेसाठी भाविक आपल्या आप्तांची नावे पाकिटात घालून देतात. त्यात वहीचा एक फाडलेला कागद होता. तिसरीतल्या मुलाचे अक्षर, ओळी वरखाली गेलेल्या. एकूण अकरा नावे होती आणि कागदाच्या कोपऱ्याला तुपाचा डाग होता. मी ती अकराही नावे वेदीपाशी सावकाश वाचली. माझ्या प्रवचनाने जे झाले नव्हते, ते एका डब्याच्या खटाटोपाने झाले होते.